जोखीम कोणाची?

व्यापार म्हटला की जोखीम आलीच, हे आपल्या पूर्वजांस ठाऊक होते. पश्चिम किनाऱ्यावर पूर्वी 'जोखमी हुंडी' चालत असे. गलबतावरील माल सुखरूप पोहोचला तरच तिचे पैसे मिळत. माल बुडाला तर हुंडी घेणाऱ्याचे द्रव्य बुडाले. हुंडी आणि विमा यांचा तो संगमच होय.

पुढे १८६५ साली वाहकांचा कायदा झाला. दैवी आपत्ती अथवा राजशत्रूचे कृत्य वगळता हानीचा भार सार्वजनिक वाहकावरच असे. परंतु सोने, रेशीम अशा जिनसांची किंमत १०० रुपयांहून अधिक असून ती जाहीर केली नसेल, तर वाहक सुटत असे. २००७ च्या कायद्याने तो रद्द झाला व नवा कायदा २०११ पासून अंमलात आला.

आमच्या सातपुरातील एका ज्ञातिबांधवाचे यंत्रभाग पावसात भिजून निकामी झाले. जादा जोखीम-दर कबूल केला नसल्यास भरपाई भाड्याच्या दहापटीपर्यंतच मर्यादित, हा नियम त्यास तेव्हा कळला. म्हणजे ३,००० रुपये भाड्याच्या मालास, तो ३ लाखांचा असला तरी, ३०,००० हीच सीमा! विमाही उतरविलेला नव्हता.

म्हणून तरुण उद्योजकांस आमचे सांगणे एवढेच की, बिल्टी वाचल्यावाचून घेऊ नये, विमा टाळू नये, आणि हानी झाल्यास माल नोंदविल्यापासून १८० दिवसांच्या आत वाहकास लेखी नोटीस द्यावी. जोखीम पूर्वजांनीही पत्करली; पण ती कोणाची, हे त्यांनी आधी ठरविले होते.