यारीखालची तुळई

इंदापूर तालुक्यांत कळंबजवळ शेठ वालचंद हिराचंद यांनीं वसविलेलें वालचंदनगर आपणांपैकीं कांहींनीं पाहिलें असेल. नीरेच्या डाव्या कालव्यानें बारामती-इंदापूरकडे पाणी आलें, ऊस आला. १९३२ सालीं सरकारनें साखरधंद्याला संरक्षण दिलें आणि लवकरच येथें कारखाना उभा राहिला. ही हकीकत परिचयाची आहे. मला बोलावयाचें आहे तें अशा कारखान्यांत छपराखालीं असणाऱ्या पोलादी तुळईविषयीं.

चरकाची लाट झिजली कीं हंगामानंतर ती बाहेर काढावी लागते. वजन कित्येक टन. तिवई आणि कप्पी लावून ती उचलतां येत नाहीं असें नाहीं; पण खालीं माणसें वावरत असतात. म्हणून यारी आली. दोन बाजूंच्या तुळयांवर रूळ, रुळांवर यारीचा पूल, आणि पुलावर इकडून तिकडे सरकणारी गाडी.

यारी २० टन उचलते, तर दोन तुळयांनीं दहा-दहा टन वाटून घ्यावे, असें नवख्याला वाटतें. येथेंच घात होतो! गाडी एका टोकाशीं गेली कीं जवळजवळ सगळें ओझें त्याच बाजूच्या तुळईवर येतें. शिवाय पुलाचें वजन आहेच. विजेच्या यारीसाठीं भारतीय प्रमाणसंहिता चाकांच्या भारांत धक्क्यापोटीं २५ टक्के वाढ धरावयास सांगते. गाडी थबकली कीं आडवा हिसका बसतो. तो गाडी व ओझें यांच्या वजनाच्या १० टक्के धरतात. रुळाच्या दिशेनें चाकांच्या भाराच्या ५ टक्के. आडव्या हिसक्यासाठींच तुळईच्या माथ्यावर पन्हळी पोलाद पालथें बसवितात. ५० टनांपर्यंतच्या अशा यारीची साडेसात मीटरांची तुळई भाराखालीं १० मिलिमीटरांहून अधिक लवूं नये, असा दंडक आहे.

आणि एक शत्रु दिसत नाहीं. तार वारंवार वांकविली कीं तुटते, हें पोरेंही जाणतात. यारी लक्षावधि फेऱ्या करते. सांध्याशीं केसाएवढी चीर पडली तरी ती वाढत जाते. तुळई मजबूत आहे म्हणून तपासणी टाळणारा व्यवस्थापक मला तरी धाडसी वाटत नाहीं.

वालचंदशेठ १९५३ सालीं निवर्तले. पोलादी बांधकामाची भारतीय संहिता प्रथम निघाली ती १९५६ सालीं. पुढें वालचंदनगरांत साखर कारखान्यांचीं यंत्रें घडूं लागलीं, आणि मग अग्निबाणांचीं कवचेंही. २००८ सालीं चंद्रयान ज्या अग्निबाणानें नेलें, त्या जातीच्या अग्निबाणाच्या पहिल्या टप्प्याचें कवच २.८ मीटर व्यासाचें असतें. तें हातांनीं उचलावयाचें नव्हे.