एका इंग्रजी हरकतीची कुळकथा

रेल्वेच्या वाघिणी ठरलेल्या वेळांत रिकाम्या झाल्या नाहींत, किंवा भाड्यानें घेतलेलें जहाज माल उतरवितांना मुदतीपलीकडे गोदींत अडकून पडलें, म्हणजे व्यापाऱ्यास डेमरेज भरावें लागतें. हा शब्द मराठी बाजारपेठेंत इतका रुळला आहे कीं, तो परका आहे याची आठवणही कोणास होत नाहीं. परंतु ‘हरकत घेणें’ या अर्थीं इंग्रजींत जें ‘डिमर’ असें क्रियापद आहे, तें या डेमरेजचें सख्खें भावंड होय, असें सांगितल्यास पुष्कळ श्रोत्यांस नवल वाटेल. वाघीण उभी राहण्याचा आणि हरकतीचा संबंध तो काय?

संबंध आहे तो थांबण्याचा. लॅटिनमध्यें ‘मोरा’ म्हणजे विलंब. कर्जफेडीच्या स्थगितीस मोरेटोरियम म्हणतात, तो शब्द याच कुळांतला. ‘मोरा’पासून ‘डेमोरारि’, म्हणजे रेंगाळणें. आणि त्यापासून जुन्या फ्रेंचमधील मुक्काम करणें या अर्थाचें क्रियापद. १०६६ मध्यें नॉर्मनांनीं इंग्लंड जिंकलें आणि कालांतरानें तेथील न्यायालयांत फ्रेंच भाषा नांदूं लागली. वादविवाद इंग्रजींत चालावे असा कायदा १३६२ मध्यें तिसऱ्या एडवर्डच्या अमदानींत झाला खरा. पण वकिलांच्या टिपणांतली मोडकीतोडकी फ्रेंच पुढें कित्येक शतकें हटली नाहीं. त्या भाषेंत ‘कायद्यावर थांबणें’ असा एक वाक्प्रचार होता, आणि अशा थांबण्यास ‘डिमरर’ म्हणत. सतराव्या शतकांतील प्रसिद्ध कायदेपंडित सर एडवर्ड कोक यानेंही या शब्दाची व्युत्पत्ति ‘डेमोरारि’पासूनच लाविली आहे.

हें थांबणें मोठ्या धाडसाचें होतें. घटना खरी कीं खोटी हें ज्यूरीनें ठरवावयाचें आणि कायदा काय तो न्यायाधीशांनीं सांगावयाचा, ही इंग्रजी न्यायाची जुनी वांटणी. डिमरर करणाऱ्या प्रतिवादीच्या म्हणण्याचा मतलब असा कीं, वादी म्हणतो तें सारें खरें धरा. तरीही कायद्यानें त्याला कांहींएक मिळत नाहीं. सबब येथेंच थांबावें. मग साक्षीपुरावा बाजूस राही आणि न्यायाधीश तेवढाच प्रश्न सोडवीत. पण डाव उलटला तर? घटना तर आधींच कबूल करून बसलेला! जुन्या पद्धतींत अशा पक्षकारास बहुधा दावाच गमवावा लागे.

१८५३ सालचा लमले विरुद्ध गाय हा दावा या दृष्टीनें पाहण्याजोगा आहे. संगीतकार वाग्नरची पुतणी योहाना वाग्नर ही नांवाजलेली गायिका. लंडनच्या हर मॅजेस्टीज थिएटरचा चालक बेंजामिन लमले याच्याशीं तिचा करार झाला होता. कोव्हेंट गार्डनच्या फ्रेडरिक गायनें अधिक पैसे देऊं करून तिला आपल्याकडे वळविलें. लमलेनें गायवर दावा लाविला. गायतर्फे डिमरर आला: करार मोडला तो गायिकेनें, त्यांत तिऱ्हाइताचा दोष कोणता? चार न्यायाधीशांपैकीं तिघांनीं ही हरकत फेटाळली. कोलरिज यांनीं मात्र भिन्न मत दिलें. दुसऱ्यास करार मोडावयास लावणें हा स्वतंत्र अपराध होय, हें तत्त्व या निकालानें कायम झालें. सुदैवानें १८५२ च्या नव्या कायद्यामुळें गायला डिमररबरोबर घटनाही नाकारतां आल्या होत्या. पुढें १८५४ मध्यें घटनांचा प्रश्न ज्यूरीपुढें गेला, आणि ज्यूरीनें कौल दिला गायच्या बाजूनें! कायद्याचें तत्त्व लमलेच्या नांवावर राहिलें. पैसा कांहीं त्याच्या हातीं लागला नाहीं.

इंग्लंडच्या दिवाणी न्यायालयांतून डिमरर १८८३ मध्यें गेला. त्यामागील विचार मात्र गेला नाहीं. वादपत्रांतील मजकूर खरा धरूनही दाव्यास कारण दिसत नसेल तर तें फेटाळावें, असें भारताच्या १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेंतही सांगितलें आहे.

न्यायालयाबाहेर पडतांच क्रियापद मवाळ झालें. आज ‘डिमर’ करणारा ओरडत नाहीं, भांडत नाहीं; तो कांकूं करतो, पाऊल पुढें टाकीत नाहीं. येथें मराठीची गंमत लक्षांत घेण्याजोगी आहे. ‘आक्षेप’ म्हणजे मुळांत फेंकणें, अरबी ‘तक्रार’ म्हणजे पुन:पुन्हा करणें. आणि ‘हरकत’ या अरबी शब्दाचा मूळ अर्थ तर हालचाल. इंग्रजाची हरकत थांबण्यांतून निघाली, मराठी माणसाची हालण्यांतून!

भारतांतील बँकहमीच्या इंग्रजी मसुद्यांत हा शब्द आजही हमखास भेटतो. मागणी येतांच बँक ‘डिमर’ न करतां रक्कम देईल, असें तेथें लिहिलेलें असतें. कंत्राटदार आणि मालक यांचा तंटा कितीही खरा असो, त्यासाठीं बँकेला पैसे अडवून धरतां येत नाहींत. उघड लबाडी किंवा कधींच भरून न येणारा अन्याय असल्याखेरीज न्यायालयेंही सहसा मध्यें पडत नाहींत. थांबण्याचा जो हक्क या शब्दानें कमावला होता, तोच तेथें सहीबरोबर सोडून दिलेला असतो.