स्टेफी ग्राफच्या कारकिर्दीतील विक्रम

स्टेफानी मारिया ग्राफ, प्रचलित नाव स्टेफी ग्राफ (जन्म: १४ जून १९६९, मानहाइम, पश्चिम जर्मनी) ही जर्मनीची निवृत्त व्यावसायिक टेनिसपटू आहे. १९८२ ते १९९९ या सतरा वर्षांच्या कारकिर्दीत तिने एकेरीत २२ ग्रँड स्लॅम विजेतेपदे आणि एकूण १०७ स्पर्धा जिंकल्या. महिला एकेरीच्या जागतिक क्रमवारीत ती ३७७ आठवडे अव्वल स्थानी होती. महिला टेनिसमध्ये हा विक्रम आजही अबाधित आहे. १९८८ साली चारही ग्रँड स्लॅम स्पर्धा आणि ऑलिंपिक सुवर्णपदक एकाच वर्षात जिंकून तिने ‘गोल्डन स्लॅम’ पूर्ण केला. व्हीलचेअर टेनिस वगळता एकेरीत एका वर्षात अशी कामगिरी करणारी ती आजवरची एकमेव खेळाडू आहे.

ग्राफच्या विक्रमांची चर्चा १९९३ साली हॅम्बुर्ग येथे मोनिका सेलेसवर झालेल्या हल्ल्याच्या उल्लेखाशिवाय सहसा पूर्ण होत नाही. तिच्या २२ ग्रँड स्लॅम विजेतेपदांपैकी ११ त्या हल्ल्यापूर्वीची, तर ११ त्यानंतरची आहेत.

प्रारंभिक कारकीर्द

ग्राफचे बालपण मानहाइमजवळील ब्र्यूल या गावी गेले. तिचे वडील पेटर ग्राफ हेच तिचे पहिले प्रशिक्षक होते. ऑक्टोबर १९८२ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, तिने व्यावसायिक टेनिसमध्ये पदार्पण केले. स्टुटगार्टजवळील फिल्डरश्टाट येथील या पहिल्या सामन्यात अमेरिकेच्या ट्रेसी ऑस्टिनने तिला ६–४, ६–० असे हरवले. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये टेनिसचा समावेश प्रात्यक्षिक खेळ म्हणून होता. ती स्पर्धा पंधरा वर्षांच्या ग्राफने जिंकली. व्यावसायिक पातळीवरील पहिले विजेतेपद मात्र तिला एप्रिल १९८६ मध्ये मिळाले. अमेरिकेतील हिल्टन हेड येथील स्पर्धेच्या अंतिम फेरीत तिने क्रिस एव्हर्टला नमवले.

१९८७ मध्ये फ्रेंच ओपनच्या अंतिम सामन्यात मार्टिना नवरातिलोवावर ६–४, ४–६, ८–६ असा विजय मिळवून ग्राफने पहिले ग्रँड स्लॅम विजेतेपद पटकावले. त्या वर्षी तिने ७५ सामने जिंकले आणि केवळ दोन गमावले. विंबल्डन आणि यू.एस. ओपनच्या अंतिम फेरीतील हे दोन्ही पराभव नवरातिलोवाकडूनच झाले होते. १७ ऑगस्ट १९८७ रोजी ती प्रथमच जागतिक क्रमवारीत अव्वल स्थानी पोहोचली आणि सलग १८६ आठवडे तेथे राहिली.

खेळाची शैली

ग्राफच्या खेळाचा मुख्य आधार तिचा जोरदार फोरहँड होता. त्यावरून तिला ‘फ्रॉइलाइन फोरहँड’ असे टोपणनाव मिळाले. चपळ पायांच्या बळावर ती बॅकहँडच्या बाजूला आलेले चेंडूही वळसा घेऊन फोरहँडने मारत असे. बॅकहँडसाठी ती प्रामुख्याने खाली राहणारा स्लाइस वापरी. हा फटका हिरवळीवर फार कमी उसळत असल्याने प्रतिस्पर्ध्याला आक्रमण करणे अवघड जाई. दोन गुणांच्या मध्ये वेळ न दवडता झटपट खेळणे हेही तिचे वैशिष्ट्य होते. पावेल स्लोझिल आणि त्यांच्यानंतर १९९२ पासून हाइन्झ ग्युन्टहार्ट हे तिचे प्रशिक्षक होते.

१९८८: गोल्डन स्लॅम

१९८८ मध्ये ऑस्ट्रेलियन ओपन स्पर्धा मेलबर्नच्या नव्या संकुलात, प्रथमच हार्ड कोर्टवर खेळवली गेली. अंतिम सामन्यात पावसाने व्यत्यय आणल्यावर मुख्य कोर्टचे छत बंद करण्यात आले. ग्राफने एव्हर्टला ६–१, ७–६ असे हरवले. पॅरिसमधील अंतिम सामना सुमारे अर्ध्या तासात संपला. सोव्हिएत संघाच्या नताशा झ्वेरेव्हाला त्यात एकही गेम जिंकता आला नाही.

विंबल्डनमध्ये ग्राफसमोर सलग सहा वर्षे ही स्पर्धा जिंकणारी नवरातिलोवा होती. पहिला सेट ५–७ असा गमावून आणि दुसऱ्या सेटमध्ये ०–२ असे पिछाडीवर पडूनही ग्राफने पुढच्या तेरापैकी बारा गेम जिंकले आणि सामना ५–७, ६–२, ६–१ असा खिशात घातला. त्याच स्पर्धेत गॅब्रिएला सबातिनीच्या साथीने तिने दुहेरीचेही विजेतेपद मिळवले. ग्रँड स्लॅम स्पर्धांतील तिचे हे दुहेरीतील एकमेव विजेतेपद ठरले. यू.एस. ओपनच्या एकेरीत सबातिनीलाच ६–३, ३–६, ६–१ असे हरवून तिने कॅलेंडर ग्रँड स्लॅम पूर्ण केला. एकेरीत ही कामगिरी तिच्यापूर्वी केवळ डॉन बज (१९३८), मॉरीन कॉनोली (१९५३), रॉड लेव्हर (१९६२ व १९६९) आणि मार्गारेट कोर्ट (१९७०) यांनी केली होती. या सर्वांच्या काळात चारपैकी तीन स्पर्धा हिरवळीवर होत असत. त्यामुळे हार्ड कोर्ट, माती आणि हिरवळ अशा तीन वेगवेगळ्या पृष्ठभागांवर हा पराक्रम करणारी ग्राफ पहिली ठरली.

सेऊल ऑलिंपिकमध्ये टेनिस १९२४ नंतर प्रथमच अधिकृत पदकांचा खेळ म्हणून परतला होता. १ ऑक्टोबर १९८८ रोजी झालेल्या अंतिम सामन्यात ग्राफने सबातिनीला ६–३, ६–३ असे नमवून सुवर्णपदक जिंकले. क्लाउडिया कोडे-किल्शसोबत तिला दुहेरीचे कांस्यपदकही मिळाले. वर्षभरात तिने ७५ पैकी ७२ सामने जिंकले. तिचे तीन पराभव सबातिनी (दोनदा) आणि पॅम श्रायव्हर यांच्याकडून झाले.

वर्चस्व आणि सेलेसचा उदय

१९८९ हे आकडेवारीच्या दृष्टीने ग्राफचे सर्वांत यशस्वी वर्ष होते. त्या वर्षी तिने ८६ सामने जिंकले, दोनच गमावले आणि १४ स्पर्धा जिंकल्या. फ्रेंच ओपनच्या अंतिम फेरीत स्पेनच्या अरांता सांचेझ व्हिकारियोकडून झालेल्या पराभवामुळे तिचा सलग दुसरा कॅलेंडर स्लॅम हुकला. त्यानंतर तिने सलग ६६ सामने जिंकले. महिला टेनिसमध्ये यापेक्षा मोठी विजयमालिका केवळ नवरातिलोवाच्या (७४ सामने) नावावर आहे. ही मालिका मे १९९० मध्ये बर्लिन येथे युगोस्लाव्हियाच्या सोळा वर्षांच्या मोनिका सेलेसने खंडित केली. लगेचच झालेल्या फ्रेंच ओपनच्या अंतिम फेरीतही सेलेसनेच ग्राफला हरवले.

मार्च १९९१ मध्ये सेलेसने तिच्याकडून अव्वल स्थान हिसकावले. जानेवारी १९९३ पर्यंत सेलेसच्या नावावर आठ ग्रँड स्लॅम विजेतेपदे जमा झाली होती. दोन्ही हातांनी फोरहँड व बॅकहँड मारणाऱ्या या डावखुऱ्या खेळाडूने माती आणि हार्ड कोर्टवर ग्राफच्या वर्चस्वाला आव्हान दिले. विंबल्डनवर मात्र ग्राफचेच प्रभुत्व राहिले. १९९२ च्या विंबल्डन अंतिम सामन्यात तिने सेलेसला ६–२, ६–१ असे हरवले. त्याच वर्षी बार्सिलोना ऑलिंपिकच्या अंतिम फेरीत जेनिफर कॅप्रियातीकडून पराभूत झाल्याने तिला रौप्यपदकावर समाधान मानावे लागले.

हॅम्बुर्ग येथील हल्ला

३० एप्रिल १९९३ रोजी हॅम्बुर्ग येथील स्पर्धेत माग्दालेना मालेयेव्हाविरुद्धच्या उपांत्यपूर्व सामन्यात विश्रांतीसाठी खुर्चीवर बसलेल्या सेलेसच्या पाठीवर एका प्रेक्षकाने चाकूने वार केला. ग्राफ पुन्हा अव्वल स्थानी यावी, हा आपला उद्देश असल्याचे हल्लेखोराने सांगितले. ग्राफने रुग्णालयात जाऊन सेलेसची भेट घेतली. न्यायालयाने हल्लेखोराला दिलेली शिक्षा स्थगित असल्याने त्याला तुरुंगवास झाला नाही. सेलेस त्यानंतर जर्मनीत कधीही खेळली नाही. शारीरिक जखम तुलनेने लवकर भरून आली, तरी मानसिक आघातामुळे ती दोन वर्षांहून अधिक काळ टेनिसपासून दूर राहिली.

जून १९९३ मध्ये ग्राफ पुन्हा अव्वल स्थानी आली. त्या वर्षीच्या फ्रेंच ओपन, विंबल्डन आणि यू.एस. ओपन स्पर्धा तिने जिंकल्या. विंबल्डनच्या अंतिम सामन्यात याना नोवोत्ना निर्णायक सेटमध्ये ४–१ अशी पुढे असताना ग्राफने सलग पाच गेम जिंकून विजेतेपद राखले. जानेवारी १९९४ मध्ये ऑस्ट्रेलियन ओपन जिंकल्यावर चारही ग्रँड स्लॅम विजेतेपदे पुन्हा एकाच वेळी तिच्याकडे आली. त्याच वर्षी विंबल्डनमध्ये मात्र लॉरी मॅकनीलने तिला पहिल्याच फेरीत हरवले. गतविजेती पहिल्या फेरीत बाद होण्याची विंबल्डनच्या महिला एकेरीतील ती पहिलीच वेळ होती.

दुखापतींचा काळ आणि अखेरचे यश

१९९५ आणि १९९६ मध्ये ग्राफ पाठीच्या व पायाच्या दुखापतींनी त्रस्त होती. याच काळात करचुकवेगिरीच्या प्रकरणात तिच्या वडिलांना अटक झाली. पुढे १९९७ मध्ये न्यायालयाने त्यांना तुरुंगवासाची शिक्षा सुनावली. दोन्ही वर्षी ती ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये खेळू शकली नाही, पण ज्या सहा ग्रँड स्लॅम स्पर्धांत खेळली त्या सर्व तिने जिंकल्या. ऑगस्ट १९९५ मध्ये सेलेस परतली, तेव्हा महिला टेनिस संघटनेने तिला ग्राफसोबत संयुक्त अव्वल स्थान दिले. काही आठवड्यांतच दोघी यू.एस. ओपनच्या अंतिम फेरीत समोरासमोर आल्या. तो सामना ग्राफने ७–६, ०–६, ६–३ असा जिंकला.

३१ मार्च १९९७ रोजी मार्टिना हिंगिस अव्वल स्थानी आली. त्याच वर्षी ग्राफच्या गुडघ्यावर शस्त्रक्रिया झाली आणि ती बराच काळ खेळापासून दूर राहिली. १९९८ च्या उत्तरार्धात तिने तीन स्पर्धा जिंकून पुनरागमन केले. जून १९९९ मध्ये फ्रेंच ओपनमध्ये तिने अनुक्रमे लिंडसे डेव्हनपोर्ट, सेलेस आणि हिंगिस या क्रमवारीतील दुसऱ्या, तिसऱ्या व पहिल्या क्रमांकाच्या खेळाडूंना हरवले. हिंगिसविरुद्धच्या अंतिम सामन्यात पहिला सेट गमावून आणि दुसऱ्यातही मागे पडून तिने ४–६, ७–५, ६–२ असा विजय मिळवला. हे तिचे बाविसावे ग्रँड स्लॅम आणि कारकिर्दीतील शेवटचे विजेतेपद ठरले. त्यानंतर विंबल्डनच्या अंतिम फेरीत ती डेव्हनपोर्टकडून पराभूत झाली. १३ ऑगस्ट १९९९ रोजी, क्रमवारीत तिसऱ्या स्थानावर असताना, तिने निवृत्ती जाहीर केली.

ग्रँड स्लॅम एकेरी विजेतेपदे

• ऑस्ट्रेलियन ओपन (४): १९८८, १९८९, १९९०, १९९४
• फ्रेंच ओपन (६): १९८७, १९८८, १९९३, १९९५, १९९६, १९९९
• विंबल्डन (७): १९८८, १९८९, १९९१, १९९२, १९९३, १९९५, १९९६
• यू.एस. ओपन (५): १९८८, १९८९, १९९३, १९९५, १९९६

याशिवाय ती नऊ वेळा उपविजेती ठरली.

प्रमुख विक्रम आणि त्यांची सद्यस्थिती

• चारही ग्रँड स्लॅम स्पर्धा प्रत्येकी किमान चार वेळा जिंकणारी ग्राफ ही एकेरीतील एकमेव खेळाडू आहे.
• फ्रेंच ओपन १९८७ ते फ्रेंच ओपन १९९० या काळात तिने सलग १३ ग्रँड स्लॅम स्पर्धांची अंतिम फेरी गाठली आणि त्यांपैकी नऊ जिंकल्या.
• एकूण ३७७ आठवडे अव्वल स्थान हा महिलांमधील विक्रम आहे. पुरुष व महिला मिळून असलेला हा विक्रम फेब्रुवारी २०२३ मध्ये नोव्हाक जोकोविचने मोडला.
• सलग १८६ आठवडे अव्वल स्थानाच्या विक्रमाची पुढे सेरेना विल्यम्सने बरोबरी केली.
• तिने आठ वर्षांची अखेर अव्वल स्थानी केली (१९८७–१९९० व १९९३–१९९६). यांपैकी १९९५ मधील स्थान सेलेससोबत संयुक्त होते.
• खुल्या युगात महिला एकेरीतील सर्वाधिक ग्रँड स्लॅम विजेतेपदांचा तिचा विक्रम जानेवारी २०१७ मध्ये सेरेना विल्यम्सने तेविसावे विजेतेपद मिळवून मोडला. सर्व काळाचा विचार करता मार्गारेट कोर्टच्या नावावर २४ विजेतेपदे आहेत.
• एकेरीतील १०७ विजेतेपदांसह खुल्या युगात ती नवरातिलोवा (१६७) आणि एव्हर्ट (१५७) यांच्यानंतर तिसऱ्या स्थानी आहे.
• एकेरीत तिने ९०० सामने जिंकले आणि ११५ गमावले.
• वर्षअखेरीची अजिंक्यपद स्पर्धा तिने पाच वेळा (१९८७, १९८९, १९९३, १९९५, १९९६) जिंकली. जर्मनीला फेडरेशन कप मिळवून देण्यात १९८७ आणि १९९२ मध्ये तिचा मोठा वाटा होता.

प्रमुख प्रतिस्पर्धी

नवरातिलोवाविरुद्धच्या १८ सामन्यांत दोघींनी प्रत्येकी नऊ विजय मिळवले. एव्हर्टविरुद्ध पहिले सहा सामने गमावल्यावर ग्राफने पुढचे आठही सामने जिंकले. सबातिनीविरुद्ध २९–११, सांचेझ व्हिकारियोविरुद्ध २८–८, हिंगिसविरुद्ध ७–२ आणि सेलेसविरुद्ध १०–५ अशी तिची आघाडी राहिली. सेलेसशी ग्रँड स्लॅम अंतिम फेरीत झालेल्या सहा सामन्यांपैकी मात्र दोघींनी प्रत्येकी तीन जिंकले.

मूल्यमापन

हॅम्बुर्गचा हल्ला झाला नसता तर ग्राफच्या विजेतेपदांची संख्या किती राहिली असती, हा टेनिसच्या इतिहासातील वादाचा विषय आहे. सेलेसच्या अनुपस्थितीच्या काळात ग्राफने सहा ग्रँड स्लॅम विजेतेपदे मिळवली. सेलेस सहभागी असती तर त्यांपैकी काही, विशेषतः मातीवरील व हार्ड कोर्टवरील विजेतेपदे, तिला मिळाली असती, असे मत मांडले जाते. याउलट, गोल्डन स्लॅमसह पहिली अकरा विजेतेपदे हल्ल्यापूर्वीची असून पाच सेलेसच्या पुनरागमनानंतरची आहेत, याकडे ग्राफचे समर्थक लक्ष वेधतात. विंबल्डनमध्ये तर सेलेसला कधीही विजेतेपद मिळाले नाही. तथापि, परतलेली सेलेस पूर्वीच्या तोडीची राहिली नव्हती. पुनरागमनानंतर तिला १९९६ ची ऑस्ट्रेलियन ओपन ही एकच ग्रँड स्लॅम स्पर्धा जिंकता आली. त्यामुळे नंतरच्या निकालांवरूनही या प्रश्नाचा निर्णायक निवाडा होत नाही. हल्ल्यात ग्राफचा कोणताही दोष नव्हता, याबाबत मात्र दुमत नाही.

निवृत्तीनंतर

ऑक्टोबर २००१ मध्ये ग्राफने अमेरिकन टेनिसपटू आंद्रे आगासी याच्याशी विवाह केला. चारही ग्रँड स्लॅम स्पर्धा आणि ऑलिंपिक सुवर्णपदक कारकिर्दीत मिळवणाऱ्या मोजक्या एकेरी खेळाडूंमध्ये आगासीचाही समावेश होतो. २००४ मध्ये आंतरराष्ट्रीय टेनिस हॉल ऑफ फेममध्ये ग्राफचा समावेश करण्यात आला. १९९८ मध्ये तिने ‘चिल्ड्रन फॉर टुमारो’ ही संस्था स्थापन केली. युद्ध, छळ व हिंसाचारामुळे मानसिक आघात झालेल्या मुलांच्या उपचारांसाठी ही संस्था काम करते.