मालकाची भूमिका करणारा कामगार



लोधिवलीच्या ह्या व्यासपीठावर नटाचे चरित्र सांगावयास कामगार संघटनेतला माणूस कशाला, अशी शंका काहींच्या मनात आली असेल. तिचे उत्तर निळू फुले ह्यांच्या आयुष्यातच आहे.

१९३० साली जन्मलेले निळूभाऊ सतराव्या वर्षी पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून लागले. पगार ८० रुपये. त्यांतले १० दरमहा राष्ट्र सेवा दलाला जात. स्वतःची रोपवाटिका काढण्याची फार इच्छा, पण भांडवल नव्हते. सेवा दलाच्या कलापथकात त्यांच्यातला नट घडला. पु. ल. देशपांडे ह्यांच्या 'पुढारी पाहिजे'मधल्या रोंग्याने त्यांना नाव दिले, 'कथा अकलेच्या कांद्याची' ह्या लोकनाट्याने महाराष्ट्रभर फिरविले आणि १९६८ साली 'एक गाव बारा भानगडी'तल्या झेलेअण्णांनी पडद्यावर आणले.

१९७२ साली विजय तेंडुलकरांचा 'सखाराम बाइंडर' रंगभूमीवर आला. सखाराम हा छापखान्यात पुस्तके बांधणारा कष्टकरी. पण टाकलेल्या बायकांना तो घरात आणतो आणि त्यांच्यावर हुकमत गाजवितो. दारिद्र्य माणसाला आपोआप न्यायी करीत नाही, हे कटू सत्य निळूभाऊंनी न लपविता दाखविले. आम्हां चळवळीतल्या लोकांना ते विशेष झोंबले पाहिजे. कारखान्याच्या दारावर हक्क मागणारा हात घरी कोणावर उठतो, हे आम्ही किती वेळा विचारतो?

पुढे डॉ. जब्बार पटेलांच्या 'सामना'त ते साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील झाले. समोर डॉ. श्रीराम लागूंचा मास्तर, बेपत्ता झालेल्या एका सामान्य माणसाचा जाब मागणारा. हिंदुराव ओरडत नाही. तो जेवू घालतो, पाहुणचार करतो, घोगऱ्या आवाजात समजूत घालतो. खरी सत्ता अशीच बोलते, मित्रहो! वाटाघाटींच्या टेबलाशी तीस वर्षे बसून मी सांगतो, टेबलावर मूठ आपटणारा मालक परवडला. खांद्यावर हात ठेवणाऱ्यापासून सावध राहावे लागते.

तोच नट १९७९ च्या 'सिंहासन'मध्ये दिगू टिपणीस हा वार्ताहर होतो. सत्तेचे सारे व्यवहार उघड्या डोळ्यांनी पाहणारा आणि अखेर त्या पाहण्यानेच वेडावणारा. ह्याच चित्रपटात सतीश दुभाषींनी डिकास्टा हा कामगार पुढारी रंगविला आहे. आपल्या खालापूर-कर्जत पट्ट्यातल्या संघटनांनी तो अवश्य पाहावा. त्यात आरसा मालकांपुरताच धरलेला नाही.

खेड्यांतल्या बायाबापड्या निळूभाऊंना पाहून बिचकत. पाटलाचा मुखवटा लोकांनी खरा चेहरा मानला. प्रत्यक्षात हा माणूस अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात होता. सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागूंसह त्यांनी 'लग्नाची बेडी'चे प्रयोग केले. त्या निधीतून पूर्णवेळ कार्यकर्त्यांच्या घरी चूल पेटावी, हा हेतू. माळ्याच्या पगारातले ते १० रुपये आणि हा निधी ह्यांत मला एकच सूत्र दिसते.

१३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांनी उभे केलेले पाटील आणि पुढारी मात्र अजून आपल्यात वावरत आहेत, कधी ठेकेदार होऊन, कधी आमच्यासारखे नेते होऊन. गोड आवाजातली धमकी ओळखावयास ज्याने लोकांना शिकविले, त्याचे ऋण टाळ्यांनी फिटत नाही. ते फेडावयाचे, तर पुढच्या वेळी असा आवाज कानी पडताच जाब विचारला पाहिजे.