अयाद अख्तर यांचे वाङ्मय : साक्ष आणि कल्पित

१

नाटक आणि कादंबरी या दोन्ही प्रांतांत सारख्याच अधिकाराने वावरलेले लेखक अमेरिकन वाङ्मयाच्या इतिहासात फार थोडे आढळतात. हेन्री जेम्स यांच्यासारख्या श्रेष्ठ कादंबरीकाराला १८९५ मध्ये लंडनच्या रंगभूमीवर आपल्या नाटकाच्या पहिल्याच प्रयोगास प्रेक्षकांची हुर्यो सहन करावी लागली. कादंबरी व नाटक अशा दोन्ही प्रकारांसाठी पुलित्झर पारितोषिक मिळविणारे लेखक म्हणून थॉर्न्टन वाइल्डर या एकट्याचेच नाव सांगता येते. त्यांना १९२८ मध्ये कादंबरीसाठी आणि १९३८ व १९४३ मध्ये नाटकांसाठी हा मान मिळाला. कादंबरीकाराला निवेदकाच्या मुखाने बोलण्याची, थांबण्याची, खुलासा करण्याची मुभा असते. नाटककाराला ती नसते. पात्रे बोलू लागली की त्याला स्वतः मूक राहावे लागते. या दोन प्रकारांत जाणेयेणे ठेवणारा लेखक केव्हा एकाची व केव्हा दुसऱ्याची निवड करतो, आणि ती का करतो, हा प्रश्न म्हणूनच वाङ्मयेतिहासाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे.

अयाद अख्तर या समकालीन अमेरिकन लेखकाच्या कारकीर्दीत हा प्रश्न विशेष तीव्रतेने उभा राहतो. एका अल्पसंख्य समाजात जन्मलेल्या लेखकाची कलाकृती बहुसंख्य समाज कलाकृती म्हणून न वाचता त्या अल्पसंख्य समाजाविषयीची साक्ष म्हणून वाचू लागला, तर लेखकाने काय करावे? अख्तर यांचा वाङ्मयप्रकारांमधील प्रवास हा या प्रश्नाशी त्यांनी घातलेल्या झगड्याचा इतिहास आहे, असे प्रस्तुत लेखात दाखविण्याचा विचार आहे.

२

या इतिहासाचा आरंभ वाङ्मयात नसून कायद्यात आहे. १९२४ पासून चालत आलेली राष्ट्रवार कोट्याची पद्धत अमेरिकेने १९६५ च्या कायद्याने मोडीत काढली आणि विशेष कौशल्य असलेल्या परदेशीयांना देशाची दारे खुली केली. त्या दारातून भारत व पाकिस्तान येथील डॉक्टर आणि अभियंते मोठ्या संख्येने अमेरिकेत गेले. आज तेथे स्थायिक असलेल्या अनेक मराठी कुटुंबांची पहिली पिढीही याच वाटेने गेली. अख्तर यांचे मातापिता पाकिस्तानातून आलेले डॉक्टर होते. त्यांचा जन्म १९७० मध्ये न्यूयॉर्क शहराच्या स्टेटन आयलंड भागात झाला आणि बालपण विस्कॉन्सिन राज्यातील मिलवॉकी येथे गेले. मजुरीसाठी आलेल्या जुन्या स्थलांतरितांप्रमाणे हा वर्ग वेगळ्या वस्त्यांत एकवटला नाही. सुशिक्षित, सधन आणि उपनगरांत विखुरलेल्या या वर्गात जन्मलेल्या मुलाला धर्म व भाषा यांचा परिचय मुख्यतः घरातच झाला, आणि उंबऱ्याबाहेर पडताच अगदी निराळे जग भेटले. हे द्वैत अख्तर यांच्या पुढील सर्व लेखनाच्या मुळाशी आहे.

ब्राउन विद्यापीठातील शिक्षणानंतर त्यांनी इटलीत येर्झी ग्रोटोव्हस्की या पोलिश नाट्यगुरूच्या सहवासात अभिनयाची साधना केली आणि पुढे कोलंबिया विद्यापीठात चित्रपटदिग्दर्शनाचा अभ्यास केला. २००५ मध्ये 'द वॉर विदिन' हा चित्रपट प्रदर्शित झाला. त्याच्या पटकथेचे ते सहलेखक होते व प्रमुख भूमिकाही त्यांनीच केली होती. छळामुळे दहशतवादाकडे वळलेल्या एका पाकिस्तानी तरुणाची ती कथा आहे. ११ सप्टेंबर २००१ नंतरच्या अमेरिकेत मुसलमान नटाला आणि लेखकाला कोणता विषय सहज उपलब्ध होता, याचे ते एक निदर्शक मानावयास हरकत नाही.

३

२०१२ हे वर्ष त्यांच्या कारकीर्दीत निर्णायक ठरले. त्या एकाच वर्षी 'अमेरिकन दर्विश' ही कादंबरी प्रसिद्ध झाली, शिकागो येथे 'डिसग्रेस्ड' या नाटकाचा पहिला प्रयोग झाला, आणि सेंट लुइस येथे 'दि इन्व्हिजिबल हँड' हे नाटक त्याच्या प्रथम स्वरूपात रंगभूमीवर आले. लेखकाचे वय तेव्हा एकेचाळीस होते. म्हणजे वाचकांना जे अकस्मात उगवल्यासारखे वाटले, त्यामागे दीर्घ उमेदवारी होती.

'अमेरिकन दर्विश' ही मिलवॉकीमधील हयात शाह या मुलाची कथा आहे. आईची मैत्रीण मीना पाकिस्तानातून येते, हयातला कुराण शिकविते आणि त्याच्या मनात एकाच वेळी भक्ती व आसक्ती जागी करते. मीनाचे मन एका ज्यू डॉक्टरवर जडते तेव्हा मुलाच्या मत्सराला मशिदीत ऐकलेल्या ज्यूद्वेषाची भाषा सापडते, आणि त्याच्या एका कृत्याने मीनाच्या आयुष्याचा नाश ओढवतो. येथे एक गोष्ट लक्षात घ्यावयास हवी. समाजातील दोष या कादंबरीत उघडपणे सांगितले आहेत. परंतु ते सांगणारा निवेदक स्वतःच अपराधी आहे, आणि त्याच्या शरमेतून वाचकाला त्या समाजातील सौंदर्यही दिसते. निवेदकाच्या या मध्यस्थीमुळे कादंबरीतील टीकेला करुणेचे अस्तर लाभले आहे.

४

'डिसग्रेस्ड' मध्ये ही मध्यस्थी नाहीशी होते. नायक अमीर हा न्यूयॉर्कमधील यशस्वी वकील. त्याने आपले आडनाव बदलून 'कपूर' असे भारतीय हिंदू वाटणारे नाव घेतले आहे आणि कचेरीत आपले मातापिता भारतात जन्मल्याचे सांगितले आहे. पित्याचा जन्म फाळणीपूर्वीचा असल्यामुळे हे विधान सर्वस्वी खोटे नाही आणि खरेही नाही. १९४७ च्या सीमारेषेचा आधार घेऊन एक माणूस २०११ च्या न्यूयॉर्कमध्ये स्वतःला लपवितो, ही नाटककाराची कल्पना मार्मिक आहे. अमीरची पत्नी एमिली ही इस्लामी कलेने भारलेली गौरवर्णीय चित्रकार आहे. व्हेलास्केथ या स्पॅनिश चित्रकाराने आपल्या हुआन दे पारेखा या गुलाम साहाय्यकाचे जे व्यक्तिचित्र काढले, त्याच्या धर्तीवर ती पतीचे चित्र काढीत आहे, येथे नाटक सुरू होते. पुढे भोजनप्रसंगी एक ज्यू कलातज्ज्ञ आणि त्याची कृष्णवर्णीय पत्नी यांच्यासमवेत वाद पेटतो. इस्लामवर कठोर टीका करणारा अमीर त्याच भरात कबूल करतो की, ११ सप्टेंबरच्या दिवशी आपल्या मनाला नकळत अभिमान शिवून गेला होता. अखेर त्याचा हात पत्नीवर पडतो, आणि पुढे आपल्याच चित्रासमोर तो एकटा उरतो.

२०१२ च्या अखेरीस न्यूयॉर्कमध्ये लिंकन सेंटरने हे नाटक केले. तेव्हा अमीरची भूमिका मुंबईत जन्मलेले नट आसिफ मांडवी यांनी केली. २०१३ मध्ये नाटकाला पुलित्झर पारितोषिक मिळाले, २०१४ मध्ये ते ब्रॉडवेवर आले, आणि २०१५-१६ च्या हंगामात अमेरिकेतील व्यावसायिक नाट्यसंस्थांनी सर्वाधिक वेळा निवडलेले नाटक ते ठरले. जर्मन रंगभूमीवरही त्याचे अनेक प्रयोग झाले.

या यशाबरोबरच आक्षेपही आले. मुसलमान पुरुष कितीही सुशिक्षित झाला तरी आत हिंसक राहतो, या प्रचलित समजुतीला हे नाटक दुजोरा देते, असे अनेक मुसलमान प्रेक्षकांचे व अभ्यासकांचे मत पडले. हा आक्षेप केवळ अज्ञानाचा म्हणून झटकून टाकता येत नाही. अमेरिकेच्या लोकसंख्येत मुसलमानांचे प्रमाण एक टक्क्याच्या आसपास आहे, आणि ब्रॉडवेच्या प्रेक्षकांत ते नगण्यच असणार. ज्या प्रेक्षकाच्या परिचयाचा एकही मुसलमान नाही, त्याच्यासाठी अमीर हा एक माणूस न राहता नमुना होतो. याउलट, ज्या समाजाविषयी केवळ गौरवाचेच लिहिता येते, त्या समाजाचे वाङ्मय जाहिरातीच्या पातळीवर उतरते, हेही तितकेच खरे आहे.

अमेरिकेत हा पेच नवीन नव्हता. १९५९ मध्ये फिलिप रॉथ यांच्या एका कथेत सैन्यातील ज्यू शिपाई आपल्या धर्माचा उपयोग सवलती उकळण्यासाठी करतो असे दाखविले गेले, तेव्हा ज्यू धर्मगुरूंनी संतप्त निषेध नोंदविला होता. घरचे वैगुण्य परक्यांपुढे मांडल्याचा तो आरोप होता. अख्तर यांच्यावर रॉथ यांचा प्रभाव आहे, आणि तो केवळ शैलीपुरता नाही. आरोपही वारशानेच आला असे म्हणता येईल. फरक इतकाच की, रॉथ हे कथाकार होते. त्यांच्या वाचकाला पान उलटून मागे जाता येत होते. रंगभूमीवर उच्चारलेले वाक्य मागे घेता येत नाही, आणि ते लेखकाचे की पात्राचे, हे सांगणारा तेथे कोणी नसतो.

५

यानंतर अख्तर यांच्या विषयांत जो पालट दिसतो तो या वादाच्या पार्श्वभूमीवर पाहिला पाहिजे. २०१४ च्या 'द हू अँड द व्हॉट' या नाटकात पैगंबरांविषयी कादंबरी लिहिणारी झरीना आणि तिच्यावर जीव टाकणारा, पण त्या हस्तलिखिताने हादरलेला पिता यांचा संघर्ष आहे. येथे लेखनाचे स्वातंत्र्य हाच नाट्यविषय झाला, आणि परक्या प्रेक्षकाच्या जागी वाचक म्हणून घरचाच माणूस आला.

दुसरी दिशा पैशाची. 'दि इन्व्हिजिबल हँड' मध्ये पाकिस्तानात ओलीस धरलेला अमेरिकन बँकव्यवसायी शेअरबाजारात व्यवहार करून आपल्याच खंडणीची रक्कम उभी करू पाहतो, आणि त्या ओघात अपहरणकर्त्यांनाच बाजाराची दीक्षा देतो. ॲडम स्मिथच्या प्रसिद्ध संज्ञेवरून घेतलेले शीर्षक अर्थपूर्ण आहे : धर्मयोद्धा आणि सावकार यांना जोडणारा हात एकच. २०१६ मध्ये प्रथम रंगभूमीवर आलेल्या आणि २०१७ मध्ये ब्रॉडवेवर पोहोचलेल्या 'जंक' या नाटकात तर मुसलमान समाज मध्यभागी नाहीच. १९८५ सालचे रोखेबाजार, कर्जाच्या बळावर पोलाद कारखाना गिळंकृत करू पाहणारा रॉबर्ट मर्किन आणि त्याला भुलणारे सर्व थर, असा हा विस्तृत पट आहे. १९९० मध्ये गुन्ह्यांची कबुली देणाऱ्या मायकेल मिल्केन यांची छाया मर्किनवर स्पष्ट पडली आहे.

अख्तर यांनी आपला विषय सोडला, असा याचा अर्थ काही टीकाकार लावतील. प्रस्तुत लेखकाला तसे वाटत नाही. अल्पसंख्याने केवळ स्वतःविषयीच साक्ष द्यावी, ही अपेक्षाच त्यांनी येथे नाकारली. ज्या राष्ट्राने आजवर त्यांच्या समाजाला प्रश्न विचारले, त्याच्या खऱ्या धर्माविषयी, म्हणजे ऋण व नफा यांविषयी, त्यांनी उलट प्रश्न विचारला.

६

२०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'होमलँड एलेजीज' या कादंबरीत हे दोन्ही प्रवाह एकत्र येतात. तिच्या निवेदकाचे नाव अयाद अख्तर असेच आहे. तो पुलित्झर पारितोषिक मिळालेला नाटककार आहे. आपल्या नायकाच्या तोंडच्या त्या कबुलीबद्दल लोक त्याला ठिकठिकाणी अडवून विचारतात, हे तुझेच मत का? त्याचा पिता हृदयरोगतज्ज्ञ असून एके काळी त्याने डोनाल्ड ट्रम्प यांच्यावर उपचार केले, असे सांगितले आहे. त्या सहवासाने दिपून गेलेला हा आशावादी पिता अखेर कोर्टकचेरीने खचून पाकिस्तानात परततो, तर फाळणीच्या आठवणी मनात जपणाऱ्या मातेला अमेरिका कधीच आपलीशी वाटत नाही. मध्यंतरी एका धनाढ्य मुसलमान गुंतवणूकदाराच्या आश्रयाने निवेदक स्वतः श्रीमंत होतो आणि ज्या व्यवस्थेवर त्याने टीका केली तिचा भागीदार बनतो.

यांतील किती घडलेले आणि किती रचलेले, हे वाचकाला कळू नये अशीच योजना आहे. ज्यांना साक्ष हवी होती त्यांना लेखकाने साक्षीचे संपूर्ण स्वरूप दिले : नाव, गाव, वर्षे, सर्व काही; आणि ग्रंथावर शब्द लिहिला 'कादंबरी'. चरित्र शोधणारा वाचक पानोपानी अडखळतो, आणि आपण अमुक एक गोष्ट खरी मानावयास इतके उत्सुक का होतो, हे त्याला स्वतःलाच विचारावे लागते. नाटकात ज्या खुलाशाला जागा नव्हती तो येथे शेकडो पृष्ठे चालतो, तरी निवाडा होत नाही. शेवटी श्रोत्यांमधून निवेदकाला विचारले जाते की, इतकी तक्रार असेल तर या देशात राहता कशाला? त्याचे उत्तर साधे आहे : हे माझे घर आहे. तक्रारीचा अधिकार आणि घराचा अधिकार हे एकच आहेत, हा या कादंबरीचा निष्कर्ष होय. २०२१ मध्ये तिला अमेरिकन बुक अवॉर्ड मिळाले.

७

डिसेंबर २०२० पासून २०२३ पर्यंत अख्तर हे लेखनस्वातंत्र्यासाठी कार्य करणाऱ्या पेन अमेरिका या संस्थेचे अध्यक्ष होते. स्वतःच्या लेखनात ज्या प्रश्नाशी ते झुंजले, तो या पदामुळे त्यांच्यापुढे सार्वजनिक रूपात आला. २०२४ मध्ये लिंकन सेंटर येथे त्यांचे 'मॅकनील' हे नाटक आले; रॉबर्ट डाउनी ज्युनिअर यांनी त्यात प्रमुख भूमिका केली. नोबेल पारितोषिक मिळालेला एक कादंबरीकार कृत्रिम बुद्धिमत्तेचे साहाय्य घेऊन इतरांची आयुष्ये आपल्या लेखनात वापरतो, असे त्याचे कथानक आहे. वरवर पाहता हा विषय पूर्वीच्या लेखनाहून दूरचा वाटतो. परंतु लिहिलेले वाक्य कोणाचे, आणि त्याची जबाबदारी कोणाची, हाच प्रश्न येथेही आहे. 'डिसग्रेस्ड' च्या प्रेक्षकांनी तो नाटककाराला विचारला होता. आता नाटककार तो समग्र लेखकवर्गाला विचारीत आहे.

ही कारकीर्द अद्याप चालू आहे. तेव्हा तिच्याविषयी अंतिम निर्णय देणे उतावीळपणाचे होईल. तथापि इतके म्हणता येते की, नाटक आणि कादंबरी यांमधील अख्तर यांची ये-जा लहरीतून झालेली नाही. परस्परविरोधी मते समान बळाने मांडावयाची असता ते रंगभूमीकडे वळले. त्या मतांची किंमत कोणाला मोजावी लागते हे सांगावयाचे असता कादंबरीकडे आले. आपल्या समाजाचे प्रतिनिधी होण्याचे त्यांनी नाकारले. परंतु त्या समाजापासून ते दूरही गेले नाहीत. या दोहोंमधील अरुंद जागेतच त्यांचे उत्तम लेखन निर्माण झाले आहे.