कीचक, तानाजी आणि सावकार

परवा खरी कॉर्नरला कॅमेऱ्याच्या स्तंभाजवळ थांबलो होतो. शेजारी गाडीवर बसलेली दोन पोरं एका ऐतिहासिक सिनेमावरून भांडत होती. एक म्हणतोय असं घडलंच नव्हतं, दुसरा म्हणतोय तू काय बघायला गेलतास? मनात म्हटलं, बरोबर जागा निवडलीय भावांनो.

याच कोल्हापुरात 1917 साली बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. मूळ आडनाव मेस्त्री. भाऊ आनंदरावांबरोबर नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. दोघांनी मिळून कॅमेरा बनवायला घेतला, 1916 ला आनंदराव गेले, तो बाबूरावांनी पुरा केला. कंपनीला पैसा दिला गायिका तानीबाई कागलकरांनी. हे नाव आपण किती वेळा घेतो?

1920 ला पुण्याच्या आर्यन थिएटरात 'सैरंध्री' लागला. गोष्ट महाभारतातली. पण खाडिलकरांच्या ज्या 'कीचकवध' नाटकावरून तो घेतला, ते नाटक इंग्रजांनी 1910 ला बंद पाडलं होतं, कारण लोकांना कीचकात कर्झन दिसत होता. तोच कीचक दहा वर्षांनी पडद्यावर. झुंजारराव पवार कीचक, बाळासाहेब यादव भीम. वध इतका खरा वाटला की सेन्सॉरची कात्री लागली. टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हटलं. तेव्हा पुराण म्हणजे निव्वळ पुराण नव्हतं, हे बघणाऱ्याला न सांगता कळत होतं.

मग 1923 ला 'सिंहगड', हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरून. रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला. तानाजी बाळासाहेब यादव, शेलारमामा शांताराम.

पण माझ्या मते बाबूरावांची खरी छाती दिसते 1925 च्या 'सावकारी पाश' मध्ये. गड नाही, तलवार नाही. एक शेतकरी, त्याची झोपडी, सावकाराचा कागद, आणि जमीन गेल्यावर शहराची वाट. गोष्ट नारायण हरी आपट्यांची, शेतकरी पुन्हा शांताराम. तानाजीला गर्दी करणारं पब्लिक इकडं फारसं फिरकलं नाही. 1936 ला त्यांनी तोच विषय बोलपटात पुन्हा घेतला. हट्टी माणूस!

1929 ला दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर बाहेर पडले आणि प्रभात उभी राहिली. ती कथा सगळ्यांना पाठ आहे.

त्या पोरांना हे सांगितलं तर म्हणाली, "काका, यूट्यूबवर हाय का?" नाही. 'सैरंध्री' नाही, 1925 चा 'सावकारी पाश' नाही. मूकपटांची बहुतेक रिळं गेली ती गेलीच.

म्हणून एक विनंती. जुन्या पेठांमधल्या घरांत कुणाचे आजोबा, पणजोबा कंपनीत कामाला असतील. माळ्यावर एखादं पोस्टर, फोटो, हिशेबाची वही सापडली तर रद्दीत घालू नका. मोबाईलवर फोटो काढून पाठवा. मूळ कागद मात्र कुणालाही देऊ नका, मलासुद्धा.