४४ बाइटांचा प्राणी

हातात धरून खेळायच्या व्हिडिओ गेममधील प्राणी एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात पाठवण्याची रीत जेमतेम तीस वर्षांची आहे. परंतु एवढ्या अवधीत तिच्यात घराणी पडली, नाकी उभी राहिली, चोरवाटा निघाल्या आणि दाखल्यांची तपासणीही सुरू झाली. ज्या मुलखात मूळ यंत्रे दुकानांत कधी नीट पोहोचलीच नाहीत, तेथेही ती रुजली. क्षेत्रफळाने महाराष्ट्रात सर्वांत मोठा असलेला आणि २०२४ पासून अहिल्यानगर या नावाने ओळखला जाणारा अहमदनगर जिल्हा हा अशाच मुलखांपैकी एक होय. पोकेमॉन हा खेळ येथे आला तो प्रामुख्याने एम्युलेटरच्या वाटेने, म्हणजे एका यंत्राच्या अंतर्गत रचनेची नक्कल करून त्याचे खेळ संगणकावर वा मोबाइलवर चालवणाऱ्या प्रणालीतून. त्यामुळे एम्युलेटरमध्ये वाढवलेला प्राणी खऱ्या कॅसेटमध्ये (म्हणजे खेळाच्या कार्ट्रिजमध्ये) जाऊ शकतो काय, आणि गेल्यास तो अस्सल मानावा काय, हा प्रश्न जपान-अमेरिकेतील संग्राहकांचा जेवढा आहे तेवढाच येथील खेळाडूंचाही आहे.

या रीतीचे मूळ एका तारेत आहे. निन्टेन्डो कंपनीने २१ एप्रिल १९८९ रोजी जपानमध्ये गेम बॉय हे हातातले यंत्र विक्रीस आणले, तेव्हापासूनच त्याच्या कडेला दोन यंत्रे जोडण्याची खाच होती. पण पहिली काही वर्षे तिचा उपयोग टेट्रिससारख्या खेळात दोघांची चढाओढ लावण्यापुरताच होत असे. टोकियोजवळच्या माचिदा शहरात वाढलेल्या आणि लहानपणी किडे गोळा करण्याचा नाद असलेल्या सातोशी ताजिरी यांनी ती तार पाहिली, तेव्हा तिच्यावरून एखादा किडा चालत पलीकडच्या यंत्रात जात आहे अशी कल्पना त्यांच्या मनात आली, आणि त्या कल्पनेतून २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये पोकेमॉनच्या लाल व हिरव्या अशा दोन आवृत्त्या निघाल्या. दोन आवृत्त्या काढण्याचा हेतू सरळ होता: काही प्राणी केवळ लाल आवृत्तीत, काही केवळ हिरव्या आवृत्तीत सापडत, आणि कडाब्रा, मचोक, ग्रॅव्हलर व हाँटर या चौघांचे पुढचे रूप तर अदलाबदल केल्याशिवाय प्रकटच होत नसे. एकट्याने खेळून हा संग्रह पुरा होणे शक्य नव्हते.

तारेवर प्रत्यक्षात काय घडते हे जवळून पाहण्यासारखे आहे, कारण पुढच्या सर्व वादाचे उत्तर तेथेच दडलेले आहे. पहिल्या पिढीच्या खेळात, संघातील एक प्राणी म्हणजे ४४ बाइटांची नोंद असते; बाइट म्हणजे ० ते २५५ यांपैकी एक आकडा मावेल एवढी जागा. या ४४ बाइटांत प्राण्याची जात, त्याचे चार डाव, त्याने मिळवलेला अनुभव, त्याचे जन्मजात गुण आणि त्याला प्रथम पकडणाऱ्या खेळाडूचा ओळख क्रमांक एवढे सगळे सामावलेले असते. पकडणाऱ्याचे आणि प्राण्याचे नाव तेवढे वेगळे, इंग्रजी आवृत्तीत प्रत्येकी ११ बाइटांत, लिहिलेले असते. तार जोडली की एक यंत्र ठोके देते आणि दुसरे त्या ठोक्यांवर चालते. सेकंदाला ८,१९२ ठोके पडतात आणि प्रत्येक ठोक्यागणिक इकडचा एक बिट, म्हणजे बाइटाचा आठवा भाग, तिकडे जातो व तिकडचा एक बिट इकडे येतो. खेळाडू पडद्यावर प्राणी निवडू लागतो तोवर पलीकडच्या संघाची संपूर्ण नोंद त्याच्या यंत्रात येऊन पडलेली असते. निवड म्हणजे केवळ ‘कितवा’ हा आकडा कळवणे; त्यानंतर दोन्ही यंत्रे आपापल्याकडील नोंद पुसतात आणि आलेली नोंद रांगेच्या शेवटी लिहितात. म्हणजे अस्सल यंत्रांच्या अस्सल अदलाबदलीतही प्राणी कोठेच जात नाही; त्याची प्रत निघते आणि मूळ पुसले जाते. पुसण्याच्या आणि जतन करण्याच्या मधल्या नेमक्या क्षणी एक यंत्र बंद केले, तर तोच प्राणी दोन्हीकडे राहतो, हे त्या काळातील मुलांनी शोधून काढलेच होते.

अहमदनगर जिल्ह्यातील घरांत पोकेमॉनच्या आधी पोहोचलेले खेळ वेगळ्या जातीचे होते. निन्टेन्डोच्याच फॅमिकॉम यंत्राच्या स्वस्त नकला ‘टीव्ही गेम’ म्हणून महाराष्ट्रभर विकल्या जात, त्यांच्या कार्ट्रिजला सगळे ‘कॅसेट’ म्हणत, आणि खेळण्यांच्या दुकानांत पडत्या ठोकळ्यांचा ब्रिक गेम मिळे. या कॅसेटींपैकी बहुतेकींत खेळ जतन करण्याची सोयच नसे, तेव्हा जपून ठेवावा आणि दुसऱ्याला द्यावा असा प्राणी त्यांत निपजणे शक्य नव्हते. २००३ मध्ये कार्टून नेटवर्कवर पोकेमॉनची मालिका हिंदीत सुरू झाली आणि केबलच्या जोडणीबरोबर ती तालुक्याच्या गावांपर्यंत आली. त्या पाठोपाठ चिप्सच्या पाकिटांतून निघणाऱ्या टाझो नावाच्या चकत्यांची देवघेव शाळेच्या मधल्या सुट्टीत होऊ लागली, आणि प्राण्यांच्या अदलाबदलीची सवय मुलांना तारेच्या आधी लागली ती अशी. खरा गेम बॉय मात्र परदेशातून येणाऱ्या नातलगाच्या पेटीतून किंवा मुंबईच्या लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारातून आणावा लागे, आणि तो सामान्य घराच्या आवाक्याबाहेरचा होता.

ही पोकळी सायबर कॅफेने भरून काढली. इंग्रजी लाल आवृत्तीच्या कॅसेटमधील सगळा मजकूर फाइलच्या रूपात १ मेगाबाइटचा भरतो, म्हणजे १.४४ मेगाबाइटच्या एका फ्लॉपीवर तो सहज मावतो. गेम बॉय अॅडव्हान्सवरील नंतरच्या खेळांना १६ मेगाबाइट लागत, आणि तोवर पेन ड्राइव्ह व सीडी आल्या होत्या. पुढे तालुक्याच्या बाजारपेठेत मोबाइल दुरुस्तीच्या दुकानांनी ‘मेमरी कार्ड भरून देणे’ हा जोडधंदा सुरू केला, तेव्हा गाणी आणि चित्रपटांबरोबर खेळही त्या कार्डांत जाऊ लागले. या व्यवहारात मालकी हक्काचा विचार झाला नाही हे मान्य करावे लागते. भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ मधील कलम ५२ संगणकीय प्रणालीच्या कायदेशीर धारकाला हानीपासून बचावासाठी प्रत काढू देते, पण कॅसेट कधी हातातच न घेतलेल्याला ते कलम आसरा देत नाही.

एम्युलेटरमध्ये खेळ जतन करण्याचे दोन मार्ग असतात आणि स्थलांतराच्या दृष्टीने त्यांतील फरक निर्णायक आहे. पहिला मार्ग खेळाचा स्वतःचा: खेळ आपली नोंद कॅसेटमधील ३२ किलोबाइटच्या स्मृतीत लिहितो आणि एम्युलेटर ती ‘डॉट सॅव्ह’ अशा फाइलमध्ये ठेवतो. दुसरा मार्ग ‘सेव्ह स्टेट’ म्हणजे त्या क्षणी यंत्राच्या साऱ्या स्मृतीचा एम्युलेटरने घेतलेला ठसा. २००५ नंतरच्या काही वर्षांत ग्रामीण महाराष्ट्रात भारनियमन दिवसाकाठी अनेक तास चाले, आणि वीज कधी जाईल याचा नेम नसलेल्या घरात एका कळीसरशी घेता येणारा हा ठसा फार सोयीचा होता. तथापि तो ठसा त्या एम्युलेटरबाहेर सहसा कोणालाच वाचता येत नाही. खऱ्या कॅसेटमध्ये जाऊ शकते ती ‘डॉट सॅव्ह’ फाइलच, कारण ती कॅसेटमधील नोंदीची जशीच्या तशी प्रतिकृती असते. केवळ ठशांवर विसंबून वर्षानुवर्षे खेळलेल्यांचे प्राणी संगणक बदलताना तेथेच अडकून पडण्याचे कारण हे आहे. अँड्रॉइड फोन आल्यावर माय बॉय या एम्युलेटरने जोडतारेचीही नक्कल केली आणि दोन फोन ब्लूटूथने वा वायफायने जोडून अदलाबदल करता येऊ लागली, तीही गेम बॉय कधी न पाहिलेल्यांना.

दरम्यान मूळ कंपनीने स्वतःच्या खेळांत नाकी उभारली. १९९९ च्या दुसऱ्या पिढीत ‘टाइम कॅप्सूल’ नावाची वाट होती, आणि तिच्यातून आलेला जुना प्राणी कधीकधी हातात एखादी वस्तू घेऊनच येई, कारण जुन्या नोंदीतील ‘पकडण्यास किती सोपा’ हे सांगणारा बाइट नव्या खेळात ‘जवळची वस्तू’ म्हणून वाचला जाई. २००२ च्या तिसऱ्या पिढीने मात्र जुन्यांना दारच बंद केले. तेथे नोंद १०० बाइटांची झाली, तिचा गाभा सांकेतिक रूपात लिहिला जाऊ लागला, आणि पडताळणीचा आकडा जुळला नाही तर प्राण्याच्या जागी खराब अंडे दिसू लागले. २००६ मध्ये डायमंड व पर्ल या आवृत्त्यांनी पाल पार्कची वाट उघडली, तीही एकेरी.

या इतिहासातील सर्वांत महत्त्वाची घटना २०१६ ची आहे. मूळ खेळाला २० वर्षे झाली त्या दिवशी, २७ फेब्रुवारी रोजी, निन्टेन्डोने आपल्या थ्रीडीएस यंत्रासाठी पहिल्या पिढीचे खेळ पुन्हा विक्रीस काढले, तारेऐवजी बिनतारी जोडणी दिली, आणि जानेवारी २०१७ पासून त्यांतील प्राणी पोकेमॉन बँक या साठवण-सेवेमार्गे सन व मून या नव्या खेळांत नेण्याची परवानगी दिली. ते पुनःप्रकाशित खेळ एम्युलेटरवरच चालत होते. म्हणजे नक्कल यंत्रात वाढलेला प्राणी खऱ्या खेळात घेणे ही गोष्ट स्वतः कंपनीनेच अधिकृत केली. फक्त प्राण्याच्या नोंदीवर तो कोठून आला याची गेम बॉयच्या चित्राची खूण उमटवली.

खेळाडूंनी काढलेली वाट अधिक कष्टाची आहे. कॅसेट वाचणाऱ्या छोट्या उपकरणात खरी कॅसेट खोचून तिच्यातील जतन केलेली नोंद संगणकावर उतरवतात, एम्युलेटरची ‘डॉट सॅव्ह’ फाइल तिच्या जागी लिहितात आणि कॅसेट पुन्हा गेम बॉयमध्ये घालतात. ज्यांना फक्त एकच प्राणी न्यायचा असतो ते एखादी सूक्ष्मनियंत्रक पाटी तारेच्या टोकाला जोडून तिच्याकरवी दुसऱ्या गेम बॉयचे सोंग वठवतात. गेम बॉयच्या तारेतील दाब ५ व्होल्टचा आणि अशा पुष्कळ पाट्या ३.३ व्होल्टच्या, म्हणून मध्ये दाब बदलणारा सुटा भाग बसवावा लागतो. जुन्या कॅसेटींत आणखी एक अडचण असते. पहिल्या दोन पिढ्यांच्या कॅसेटींत नोंद टिकते ती आत डाख लावून बसवलेल्या बटण-सेलच्या आधारावर. दुसऱ्या पिढीत त्याच सेलवर घड्याळही चालते, म्हणून तो लवकर संपतो, आणि सेल काढताच सारा संग्रह नाहीसा होतो. आधी नोंद उतरवून घ्यायची, मग सेल बदलायचा आणि नंतर नोंद परत लिहायची, हाच क्रम पाळावा लागतो.

अशा प्राण्याला अस्सल म्हणावे काय, या प्रश्नाचा विचार करताना नेवासे तालुक्यातील घोडेगावच्या शुक्रवारच्या जनावरांच्या बाजाराची आठवण होणे स्वाभाविक आहे. जनावर कोणत्या वाहनातून आले हे तेथे कोणी विचारत नाही. विचारतात ते कोणाच्या दावणीचे आहे हे, आणि २०२४ पासून राज्यात खरेदी-विक्रीसाठी कानातील १२ अंकी बिल्लाही सक्तीचा झाला आहे. पोकेमॉनच्या नोंदीतील प्रथम पकडणाऱ्याचे नाव आणि क्रमांक यांचे काम तेच आहे. जो प्राणी खेळाच्या नियमांनी पकडला व वाढवला गेला, त्याची नोंद एम्युलेटरमध्ये लिहिली काय आणि कॅसेटमध्ये लिहिली काय, बाइटागणिक सारखीच असते. खोटा प्राणी तो, ज्याची नोंद पीकेहेक्ससारख्या नोंदी बदलणाऱ्या प्रणालीत बनवली गेली. अशा बनवलेल्या प्राण्यांमुळे ऑगस्ट २०२३ मध्ये योकोहामा येथील जागतिक स्पर्धेतून खेळाडू बाद झाले. पडताळणी करणारी प्रणालीही नोंद ‘शक्य आहे’ एवढेच सांगू शकते, ती कष्टाने मिळवली की नाही हे सांगू शकत नाही. तेथे खेळाडूच्या शब्दाखेरीज दुसरा पुरावा नाही, आणि तो शब्द मानण्यावरच ही सारी रीत उभी आहे.

भारतात कायदेशीर वाट उशिरा आली. पोकेमॉन गो हा मोबाइलवरील खेळ १४ डिसेंबर २०१६ रोजी रिलायन्स जिओच्या सहकार्याने अधिकृतपणे सुरू झाला, आणि नोव्हेंबर २०२० पासून त्यातील प्राणी पोकेमॉन होम या सेवेमार्गे स्विच यंत्रावरील खेळांत पाठवता येऊ लागले. नगरच्या रस्त्यावर पकडलेला प्राणी जपानमधील खेळाडूला देणे आता कोणतीही चोरवाट न धरता शक्य आहे. जुन्या वाटा मात्र मिटत चालल्या आहेत: थ्रीडीएसचे दुकान २७ मार्च २०२३ रोजी आणि त्याची ऑनलाइन सेवा ८ एप्रिल २०२४ रोजी बंद झाली, आणि पोकेमॉन बँक जोवर चालू आहे तोवरच जुन्या पिढ्यांचे प्राणी पुढे येऊ शकतात.

जिल्ह्यातील ज्या घरांत जुने संगणक, मेमरी कार्डे किंवा एखादी मूळ कॅसेट माळ्यावर पडून असेल, त्यांनी ती भंगारात देण्यापूर्वी त्यांतील ‘डॉट सॅव्ह’ फाइली उतरवून दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात, आणि फाइलसोबत खेळणाऱ्याचे नाव, गाव व साल लिहून ठेवावे.